टॅली

चार रेघा उभ्या, पाचवी त्यांच्यावरून आडवी.
पोर्ट ट्रस्टने मला शिकवलेलं हे एकच अक्षर.
शाळेतली बाकीची अक्षरं गोदीत फारशी कामाला आली नाहीत.
अलेक्झांड्रा गोदी, लाकडी पेटीवर बैठक.
जहाजाच्या पोटातून उतरलं किती,
वाघिणींत भरलं किती,
दोन्हींचा मेळ बसला की घरी.

(मालडब्याला वाघीण म्हणतात हे सांगितल्यावर
गावाहून आलेला धाकटा भाऊ
महिनाभर यार्डाच्या फाटकाकडे फिरकला नाही.)

सत्तावन्न साली इंजिन आलं.
ताडपत्रीत गुंडाळलेलं, लांबून आलेल्या आजाऱ्यासारखं.
विंचवर दाऊद परकार, दापोलीकडचा.
खाली रुळांपाशी गुणाजी म्हाडगुत,
हातात हिरवं फडकं, ओठांत विझलेली विडी.
इंजिन वर उचललं गेलं
आणि थोडा वेळ ते कुणाचंच नव्हतं,
ना दर्याचं, ना रुळांचं.
खाली माणसं मान वर करून उभी,
चाकांवरून ठिबकणारं पाणी त्यांच्या कपाळांवर.
मग दाऊदने ते टेकवलं,
भरला कप बशीत ठेवावा तसं, आवाज न करता.
गुणाजी म्हणाला, "आलं बाई घरी."

मी वहीत एक रेघ ओढली.
शेड सुपरिंटेंडेंट हसले :
शंभर टनाला एक रेघ, आणि गोणीलाही एकच?
म्हटलं, साहेब, नग मोजायचे असतात, वजन नाही.
तेव्हा मला ते शहाणपण वाटलं होतं.

बहात्तरला पोती आली. मिलो, लाल ज्वारी.
तिकडे नगर, सोलापूर करपलेलं,
इकडे धक्क्यावर रात्रीची पाळी संपेचना.
चार रेघा ओढून झाल्या होत्या.
पाचवीसाठी पेन्सिल टेकवली
तेवढ्यात वाघिणी मागे सरकल्या
आणि दोन बफरांच्या मधे गुणाजी होता.

काम अकरा मिनिटं थांबलं.
वर स्लिंगमध्ये पोती तशीच लटकत राहिली,
दाऊदला ती खाली आणवेनात.
मग फोरमन ओरडला, सोलापूरची गाडी खोळंबलीय.
सोलापुरात लोक उपाशी होते, हेही खरंच होतं.

त्या रात्री मेळ बरोब्बर बसला,
एक गोण इकडची तिकडे नाही.
शेऱ्याच्या रकान्यात मी लिहिलं : एक कमी.
ऑडिटने लाल शाईत विचारलं : कशातला?
मी उत्तर दिलं नाही.
वर्षभर इन्क्रिमेंट अडकली. अडकू दे म्हटलं.

पुढे पेट्या आल्या, घराएवढ्या, सीलबंद.
आत काय आहे ते कागदाला ठाऊक,
माणसाने मोजायचं काही उरलं नाही.
जहाजं खाडीपलीकडे न्हावा-शेव्याला गेली.
वडाळ्याच्या रुळांत एरंड उगवला.
दाऊद दापोलीत असतो. हात कापतो त्याचा.
फोनवर म्हणाला, चहा आता ग्लासातनंच पितो.

परवा शेजारची ईशानी वही घेऊन आली.
प्रकल्प होता : राष्ट्राच्या विकासात रेल्वे आणि जहाजांचा वाटा.
"आजोबा, मुद्दे सांगा, दहा हवेत."
सांगितले. कापूस गेला, यंत्रं आली,
धान्य आलं, तेल आलं, पोलाद आलं,
या धक्क्यावरून गाडी थेट मुलखात जायची.
तिने सगळं सुबक अक्षरात लिहिलं.
खोटं त्यात काहीच नव्हतं.
"नऊच झाले," म्हणाली.

मी तिची पेन्सिल घेतली,
समासात चार रेघा उभ्या ओढल्या
आणि हात तिथेच राहिला.
तिने वाट पाहिली, मग खोडरबर काढलं.
म्हटलं, नको, असू दे तेवढं.
बाईंनी विचारलं तर
माझं नाव सांग.